माईंचा षड्ज

ईशानीने गाण्यातले आवाज वेगळे करणाऱ्या नव्या यंत्रावर आजीची, तुळसामाईंची, मारवा रागाची जुनी रेकॉर्ड लावली आणि मैफलीतल्या एकेकाला उठवायला सुरुवात केली. तबला गेला, पेटी गेली. माई शेजारी बसून गात असाव्यात इतका आवाज स्वच्छ झाला.

"मावशी, आता तुम्हालाही उठवते. मला आजी एकटी ऐकायचीय."

वत्सलाबाई लगबगीने पुढे सरकल्या. माईंच्या मागे तंबोरा घेऊन गळ्याने साथ करणारी शिष्या म्हणजे त्याच. "राहू दे गं. रंगल्या मैफलीतून कुणी उठतं का?" त्या म्हणाल्या. पण ईशानीने तोवर कळ दाबली होती.

मारव्यात षड्ज, म्हणजे सा, सहजी भेटत नाही, जीव टांगणीला लागतो. माईंचा तो वरचा, लांबलचक षड्ज ऐकून माणसं रडायची. त्याच्यापायीच ईशानी गाण्याकडे वळली होती.

ती जागा आली. माईंना धाप लागल्याचं ऐकू आलं. षड्ज आलाच नाही.

ईशानीने वळून पाहिलं. "मग मी इतकी वर्षं कुणासारखं गायला बघतेय?"

"यंत्र बिघडलंय, बाळा. तो षड्ज माईंचाच आहे."

माईंचं नाव घेताना वत्सलाबाईंचा हात नेहमी आदराने कानाच्या पाळीला जाई. आज त्यांनी दोन्ही कान धरले.