करडी केतकी

केतकी अपघातात गेली, तरी तिचा सिनेमा काही थांबला नाही. सेटवर तिच्या जागी एक करडा पुतळा उभा केला होता.

"करड्याला स्वतःचा रंग नसतो, मावशी," दिग्दर्शक म्हणाला. "त्याच्यावरचा उजेड बघून कॉम्प्युटर त्यात केतकी भरतो. तुम्ही तिची आई, तुमचा होकार तेवढा हवा."

"भरायला ती काय पुरण आहे?" गोजराबाई म्हणाल्या.

दिग्दर्शकाने नमुना लावला, तशी कॉम्प्युटरच्या पडद्यावर केतकी खळखळून हसली. सेटवरच्या सगळ्यांचे डोळे पाणावले. गोजराबाईंना मात्र काहीच वाटलं नाही. त्या पुतळ्यापाशी गेल्या आणि त्याचा गार हात धरून उभ्या राहिल्या.

"त्या पडद्यावरच्या पोरीला आपण मेलोय हे ठाऊकच नाही. ती तुम्हांला ठेवा, पाहिजे तेवढी हसवा. मला घरी न्यायला ही द्या."