झगे का दिसत नाहीत?

व्हिडिओ गेममधल्या पात्रांसाठी मी सहा महिने डोळे फोडून बावीस झगे बनवले. मावसबहिणीने माझ्या कॉम्प्युटरवरून ते सगळे गुपचूप उचलले आणि स्पर्धेत स्वतःच्या नावावर खपवले. वर नातेवाइकांत सांगत सुटली, "ताईला यातलं ओ की ठो कळत नाही."

अंतिम फेरीच्या सकाळी तिचा रडवेला फोन आला. "ताई, गेममध्ये एकही झगा दिसत नाहीये गं! पात्रं नुसती बनियनवर उभी आहेत. तासाभरात परीक्षकांना दाखवायचंय."

"घाबरू नकोस," मी मायेने म्हटलं. "सेटिंगमध्ये बाहेरच्या फायलींना परवानगी दिलीस?"

"दिली."

"गेम बंद करून पुन्हा उघडलास?"

"दहादा."

"मग फायलींमध्ये काही बदललंस का?"

तिने आवाज खाली आणला. "तुझं नाव होतं ना सगळीकडे, ते खोडून माझं घातलं. कालच. त्यानेच अडलंय का?"

"त्यानेच अडलंय, बाळा."

 

फोनचा स्पीकर बंद करून मी समोर बसलेल्या तिन्ही परीक्षकांना विचारलं, "एवढा पुरावा पुरे ना?"