दसऱ्याची साफसफाई

"हे तुमच्या पोरीचेच कपडे होय ना, एवढं पाहून सही करा," हवालदार डोमाजींनी टेबलावरचं खाकी पुडकं वच्छलाबाईंकडे सरकवलं. "आज गाडी प्रयोगशाळेत चालली. चार महिने पडून होते. कोर्टानं झापलं आम्हाले."

वच्छलाबाई खुर्चीच्या कडेवर टेकल्या. मार्गशीर्षातला गुरुवार, सकाळपासून पोटात पाण्याशिवाय काही नव्हतं. आत येताना मुद्देमालाच्या खोलीचं दार दिसलं होतं. त्यावर दसऱ्याचा वाळलेला झेंडूचा हार, खाली कुंकवाची पाच बोटं. सवयीनं त्यांचे हात जोडले गेले होते. लेक अपेक्षा आत आलीच नाही. 'मले त्या कपड्यायचा वास नको,' एवढंच बोलून ती बाहेर कडुनिंबाखाली थांबली.

पुडक्यावरची लाख ताजी लाल होती. डोमाजींनी ती फोडली.

आत पिवळा कुर्ता आणि हिरवी सलवार. चौघडी घातलेली, इस्त्री केलेली.

वच्छलाबाईंनी कुर्ता उलटवून खालची शिवण पाहिली. घरात पिवळा दोरा नव्हता, म्हणून त्यांनी काळ्या दोऱ्यानं घातलेले टाके तिथंच होते. कुर्ता अपेक्षाचाच. मग त्यांनी बाही पाहिली. खांद्यापासून कोपरापर्यंत फाटलेली होती ती. आता कुणीतरी शिवली होती. पिवळ्याच दोऱ्यानं, बारीक टाक्यांनी.

कापडाला साबणाचा वास होता.

"हे कोणी धुतलं?"

"आता काय सांगू बाई." डोमाजी खुर्चीत रेलले. "दसऱ्याले शस्त्रपूजा राह्यते न इथं. बंदुका मांडायच्या, मोठे साहेब येणार. साफसफाईले खोली उघडली तर या गाठोड्याचा असा वास सुटलेला! पावसाचं ओलं तसंच बांधून ठेवलं होतं कोणीतरी. पूजेच्या जागी असं कसं ठेवावं? फेकताही येत नाही, मुद्देमाल होय. मंग नेलं घरी. आमच्या बाईनं धुतलं, टाकेही घातले. म्हणे, कोणाच्या तरी लेकीचं होय." ते जरा हसले. "तुम्ही देवाधर्माच्या. तुम्हाले तर समजते."

वच्छलाबाईंनी कुर्ता घडी न करताच टेबलावर ठेवला.

"सरकारी वकीलसाहेब म्हणत होते, सगळं या कपड्यांवर हाय."

"ते तर हायच."

"मंग आता प्रयोगशाळेत त्यायले यात काय सापडन?"

"ते पाहाचं काम त्यायचं. आपलं काम पाठवाचं."

आतल्या खोलीतून आवाज आला, "हवालदार, झालं का? गाडी निघून राह्यली."

डोमाजींनी कागद पुढे केला आणि बोटानं सहीची जागा दाखवली.

"काय लिहिलं ते वाचून दाखवा."

"नेहमीचंच होय."

"वाचा."

डोमाजींनी वाचलं. "वरील कपडे माझ्या मुलीचे असून, जप्तीच्या वेळी होते त्याच स्थितीत मी आज ओळखले आहेत." शेवटाकडे येईतो त्यांचा आवाज बसला.

वच्छलाबाईंचा आवाज मात्र रोज पोथी वाचतानाचाच होता. शेजारच्याला ऐकू जाईल एवढा, अधिक नाही.

"श्रावणातला सोमवार होता, हवालदारसाहेब. तुम्हीच सांगतलं, पोरीले आंघोळ घालू नका, कपडे बदलू नका, पुरावा जाते. तालुक्याच्या दवाखान्यात बाई डॉक्टर नव्हती. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी यवतमाळले तपासली तिले. तवरोक लेक न्हाणीच्या दारात बसून होती. पाणी मागे. प्याले नाही, अंगावर घ्याले. मी तिचे हात धरून ठेवले. मी, तिच्या मायनं." त्या थांबल्या. "तो दिवाळीपासून जामिनावर बाहेर हाय. रोज आमच्याच गल्लीतून जाते. खाकरून जाते."

डोमाजी टेबलावरची लाखेची चुरी बोटानं गोळा करत राहिले.

"झालं ते झालं, बाई. आता कायले वाढवता? तुम्ही सही नाही केली तर हेही जाणार नाही. केस पडन. ती आमची नाही, तुमची पडन."

वच्छलाबाईंनी पेन मागितला. डोमाजींनी तो लगबगीनं टोपण काढून दिला.

त्यांनी 'त्याच स्थितीत' या शब्दांवर एक सरळ रेघ मारली. वर सावकाश, सुट्या अक्षरांत लिहिलं : 'पोलिसांच्या घरी धुतलेले, इस्त्री केलेले, बाही शिवलेली.' खाली तारीख घातली आणि पूर्ण नाव लिहिलं.

"ओ बाई, हे काय करून ठेवलं? हा कागद कोर्टात जाते."

"म्हणूनच लिहिलं. याची झेरॉक्स द्या मले. वकीलसाहेबाले दाखवाची हाय."

"मशीन बंद हाय."

"मंग मी बसतो इथंच. आज माझा उपास हाय, जेवाची घाई नाही."

तासाभरानं मशीन चालू झालं. कागदाची घडी पदराखाली घेऊन वच्छलाबाई उठल्या. कुंकवाच्या त्या दारावरून जाताना त्यांचे हात जोडले गेले नाहीत.

बाहेर अपेक्षा उठून उभी राहिली.

"वास होता का व माय?"

"नाही. साबणाचा होता. त्यायनं धुतले."

आवारात ड्रायव्हर नळाला पाइप लावून पोलिसांची दुसरी गाडी धूत होता. चाकांखालून पाणी वाहत दोघींच्या पायांपर्यंत येत होतं. अपेक्षा त्या पाण्याकडे पाहत राहिली.

"मंग मले काहून धुऊ देलं नाही?"