यंदाचा इंग्रज

गाविलगडाच्या पायथ्याच्या एका गावात दरवर्षी गडाच्या लढाईचं नाटक होतं. वांगी पिकवणारा सूर्यभान रंगानं गोरापान, म्हणून बारा वर्षं इंग्रज सेनापती तोच व्हायचा. गड तो जिंकायचा खरा, पण टाळ्या पडायच्या किल्लेदाराच्या मरणाला आणि याच्या अंगावर यायच्या चपला. त्याची बायको वच्छला तर लाजेनं नाटकाकडे फिरकतही नसे. आपणही एकदा किल्लेदार होऊन मरावं, एवढीच त्या बिचाऱ्याची इच्छा होती.

यंदा चिखलदऱ्याच्या कॉफीचा अभ्यास करणारा एक खराखुरा इंग्रज सूर्यभानच्या ओळखीचा झाला. दोन वर्षं राहून तो वऱ्हाडी बोलायला शिकला होता. सूर्यभाननं त्याला घरी भरीत-भाकर खाऊ घातली आणि हातापाया पडून तालमीला आणलं.

"गुरुजी, आता तं मले गडावर लढू द्या," तो नाटक बसवणाऱ्या शेषराव गुरुजींना म्हणाला.

तालीम सुरू झाली. साहेब तलवार घेऊन गडाच्या दाराशी आला, किल्लेदार झालेल्या सूर्यभानपुढं वाकला आणि अदबीनं म्हणाला, "भाऊ, गड देता काय? नसन देत तं राहू द्या."

गुरुजींनी कपाळाला हात लावला. साहेबाच्या डोक्यावरची टोपी काढून त्यांनी सूर्यभानच्या डोक्यावर ठेवली.



"मानूस लय चांगला हाये," ते म्हणाले, "पन अंग्रेज नाई वाटत."