मधले चार ठोके

"निरंजनदादा, जरा मधे सरका की! अर्धं टेबल मोकळं दिसतंय," साउंडवाला बबन खालून ओरडला. निरंजन सरकला नाही. डावी बाजू मंजिरीची होती. तिला जाऊन तीनच महिने झाले होते.

अकरा वर्षं दोघं नवराबायको मिळून डीजे वाजवत आले. ठेका चढवत न्यायचा त्याने, आणि लोक टोकाला आले की दणदणीत बास सोडायचा तिने. "तुला घाई फार. हात लावशील तर बघ," म्हणत तिने ते बटण त्याला कधीच दाबू दिलं नव्हतं.

आज ठेका चढला, टोकाला जाऊन थांबला. पाच हजार हात वर. इथं चुकलं, तर दोघांनी कमावलेलं नाव इथंच संपणार. एक, दोन, तीन, चार ठोके बासशिवाय कोरडे गेले.

"दादा, सोडा ना!" बबन किंचाळला.

त्याने डोळे मिटून बटण दाबलं. मैदान उसळलं.

उतरल्यावर बबनने पाठ थोपटली. "काय ताणलंत, दादा! वहिनींनीसुद्धा एवढं ताणलं नसतं."

निरंजनने ताणलं नव्हतं. तो तिच्या हाताची वाट बघत होता.