हात लावला, की चाल

आमचे हे पटासमोर बसले, की समोरच्याचे घोडे आपणहून तबेल्यात परत जायचे. मी सांगतेय, म्हणून अर्धं सोडून द्या. पण बुद्धिबळाचं अजिंक्यपद त्यांनी तीनदा घरी आणलं, ते मात्र खरं.

चौथ्या वेळी शेवटच्या डावात समोर नातीच्या वयाची पोरगी होती, अगदी हरायला आलेली. ह्यांनी घोड्याकडे हात नेला. तो थरथरला आणि शेजारच्या वजिराला लागला.

पोरगीच म्हणाली, "आजोबा, चुकून लागला, मी बघितलं ना. घोडाच चालवा."

"हात लावला, की चाल," हे म्हणाले. त्यांनी वजीर हलवला आणि डाव हरले.

घरी आल्यावर मी तोंड सोडलं. "ती एवढी देत होती, तर घ्यायचं की! कसला मेला नियम!"

"क्लबात चहाचा कप देताना तुझ्या हातालाही चुकूनच हात लागला होता. तेव्हा नियम पाळला, म्हणून तू इथे आहेस."

"चुकून? अहो, या घरात थापा मारायचं खातं माझ्याकडे आहे."

ते हसले, पण मांडीवरचा हात काही थांबेना. औषधं झाली होती, लेप झाले होते, माझ्या शिव्याही झाल्या होत्या. मी तो दोन्ही हातांनी घट्ट दाबून धरला. त्याने माझं ऐकलं नाही. उलट माझेच दोन्ही हात त्याच्याबरोबर हलायला लागले.