झाकलेली बरणी

तादेओच्या बहिणीच्या जखमेत अळ्या पडल्या, तेव्हा सिएनातले थोर पंडित ग्वाल्तिएरी म्हणाले, "पापी देहातच आपोआप किडे जन्मतात." ती मेल्यावर तिला चर्चच्या आवारात जागा मिळाली नाही, दलदलीकाठी पुरावं लागलं. बारा वर्षांनी वैद्य झालेल्या तादेओने ड्यूकच्या दरबारात मांसाच्या दोन बरण्या मांडल्या. उघड्या बरणीत अळ्या वळवळत होत्या. कापड बांधलेल्या बरणीतलं मांस नासलं होतं, पण अळी एकही नव्हती. माश्यांनी अंडी कापडावरच घातली होती. "पंडितमहाराज, एवढ्याशा फडक्याने पाप अडतं होय?" तादेओने विचारलं. दरबार हसला. ग्वाल्तिएरी पुटपुटले, "चुकलो, बाबा. माफ कर." "माझी कसली माफी मागता? तिची मागा." त्याने त्यांना दलदलीकाठी नेलं, तिच्या थडग्यापाशी चिखलात गुडघे टेकायला लावले. उठताना म्हाताऱ्याने आधारासाठी हात पुढे केला. तादेओने आपले हात पाठीमागे बांधले.